उजेडापाशी घ्यायचा श्वास

दर रविवारी सकाळी नऊ वाजता मी चारकोपच्या आमच्या कॉलेजातल्या दुसऱ्या मजल्यावरच्या हॉलमध्ये एखाद्या मुलीच्या मागे उभी असते आणि माझा उजवा तळहात तिच्या पाठीवर असतो. तेवीस वर्षं होत आली. पाठी बदलल्या, हात तोच आहे. बाकीच्यांचा रविवार म्हणजे उशिरा उठणं, मटण, दुपारची झोप. माझा रविवार म्हणजे घामाने ओलसर झालेला कुणाचा तरी कुर्ता. हे मी तक्रार म्हणूनच सांगते आहे. यात उगाच काही उदात्त शोधू नका, ते काम पाहुणे करतात आणि त्यांच्याबद्दल पुढे येईलच.

आमचं कॉलेज मुलींचं. ज्या घरांतल्या आज्यांना गावच्या विहिरीला हात लावू दिला नव्हता, त्या घरांतल्या मुली पदवीपर्यंत पोचाव्यात म्हणून ते सुरू झालं. सुरुवातीला सगळ्या आमच्यासारख्या बौद्ध घरांतल्या, आईवडील मराठवाड्यातून नाहीतर साताऱ्याकडून आलेले. मग हळूहळू इतर आल्या. आजोबा गिरणीत होते अशा कोकणातल्या मुली आल्या, मनोरीहून होडीने खाडी ओलांडून येणाऱ्या कोळ्यांच्या मुली आल्या. ज्यांनी कॉलेज काढलं त्यांना सगळे मोठ्या बाई म्हणत. बाई ठेंगण्या होत्या, पण नाव तेच पडलं.

या मोठ्या बाईंकडे एक तबकडी होती. अमेरिकेत काळ्या मुलींसाठी काढलेलं एक जुनं कॉलेज आहे, तिथल्या मुलींच्या गायनवृंदाची. बाईंना ती परदेशी शिकून आलेल्या कुणा मैत्रिणीने दिली होती. पेटी नाही, तबला नाही, काही नाही. नुसते गळे, आणि तेही एका सुरात नाहीत. चार थरांत, एकावर एक रचलेले. त्या मुलींच्या पणज्या गुलाम होत्या, त्यांना लिहावाचायला बंदी होती, म्हणून गाणी तोंडातोंडी राहिली आणि पणतींनी ती कॉलेजच्या सभागृहात उभं राहून गायली, असं बाई सांगत. हे सांगताना त्यांचा आवाज नेहमी थोडा चढायचा. आपल्या मुली असंच गातील असं त्यांनी ठरवलं, आणि बाईंनी ठरवलं म्हणजे झालंच.

पहिला कार्यक्रम वस्तीतल्या विहारात झाला. अठरा मुली, चार थर. कार्यक्रम संपल्यावर एक वयस्कर गृहस्थ उठून म्हणाले, पोरी गुणी आहेत, पण एकीचा सूर दुसरीला लागत नाही, त्यांना एक पेटी घेऊन द्या. आई हे अजूनही नक्कल करून सांगते. आई त्या अठरा जणींत होती. सगळ्यात खालचा सूर तिचा.

गाणी बाईंनी आणि मुलींनी मिळून रचली, आणि एक नियम केला. कागदावर काही उतरवायचं नाही. कागद हरवतो, कागद फाटतो, आणि कागदावरचं उद्या कुणीतरी आपल्या नावावर करतं, असं बाई म्हणत. मग शिकवायचं कसं? तर जुनी मुलगी नव्या मुलीच्या मागे उभी राहते, तळहात तिच्या पाठीवर ठेवते आणि दोघी एकदम गातात. श्वास जिथे घ्यायचा तिथे तळहात दाबायचा. महिने जातात. मग फेब्रुवारीत स्थापना दिवसाला, सगळ्यांसमोर, नवी मुलगी एकटी सुरुवात करते. तिला हाताची गरज उरली नाही असं माजी विद्यार्थिनींच्या मंडळाला वाटलं, की मंडळाच्या अध्यक्ष म्हणतात, "उतरलं." मग मागची हात काढते. पुढची म्हणते, घेतलं ते देईन, दिल्याशिवाय जाणार नाही. मागची त्या क्षणी मोकळी.

माझ्या पाठीवर आईचा हात होता, मी शाळेत असल्यापासून. मी वीस वर्षांची होते तेव्हा तिने तो काढला. मी ते वाक्य म्हटलं, टाळ्या झाल्या आणि मला पेढा मिळाला. वीस वर्षांच्या मुलीने जन्मभराचं काही बोलू नये, पण त्या वयातच सगळे ते बोलून घेतात.

मोठ्या बाई तेव्हा खूप थकल्या होत्या. त्यांनी माझ्यादेखत प्राचार्यांना सांगितलं, "हिला ग्रंथालयात घ्या. ही कुठे जाणार नाही." मला नोकरी लागली, आई धन्य झाली. मीसुद्धा खूश होते. त्या वाक्यात काय होतं ते कळायला मला दहाएक वर्षं लागली. घर चारकोपात, कॉलेज चारकोपात, आई घरात, गाणं कॉलेजात, आणि खालचा सूर माझ्या एकटीत. आईचा आवाज पन्नाशीनंतर फुटला तो फुटलाच. वरचे तीन सूर धरणाऱ्या पाचसहा जणी आहेत. खालच्या सुराला मी. मी नसले तर वरचे तीन थर उभे कशावर राहणार? हा प्रश्न मला इतक्या वेळा इतक्या प्रेमाने विचारला गेलाय की प्रेमाने विचारणाऱ्या माणसांची मला धास्तीच बसली आहे.

मी प्रयत्न केले नाहीत असं नाही. पहिली मुलगी तीन वर्षं शिकली आणि लग्न होऊन सुरतेला गेली. दुसरीला भुसावळला रेल्वेत नोकरी लागली. तिसरी एका रविवारी मला म्हणाली, "ताई, राग मानू नका, पण बोअर होतं यार," आणि पिशवी उचलून निघून गेली. तिचा मला राग आला नाही. मी खिडकीतून तिला गेटपर्यंत जाताना पाहिलं. ती मध्येच थांबून भेळ घेऊन खात खात गेली. मला तिचा हेवा वाटला.

मग मनोरीची मुलगी आली. मी तिला मनोरीचीच म्हणेन. दुसऱ्या वर्षाला होती. मार्व्याच्या धक्क्यापर्यंत होडी, तिथून बस, आणि संध्याकाळी तेच उलटं. होडीच्या वेळेपर्यंत ती ग्रंथालयात बसायची. एकदा ती माझ्या टेबलावर कोपर टेकून एका पुस्तकाची वाट बघत काहीतरी गुणगुणत होती आणि माझ्या हाताखालची फळी थरथरली. मी नोंदवही मिटली. म्हटलं, "हे परत कर." ती म्हणाली, "काय केलं मी?"

चार महिन्यांत तिने सगळी गाणी घेतली. मला सहा वर्षं लागलेली गाणी. पाठीवर हात ठेवला की तिची पाठ फुलायची, फुलायची आणि फुलतच राहायची. एवढा दम त्या मुलीत कुठून आला देव जाणे. डिसेंबरात मी पहिल्यांदा असा विचार केला की या फेब्रुवारीत मी सुटेन. त्याच आठवड्यात नाशिकहून पत्र आलं. तिथल्या एका कॉलेजात ग्रंथपालाची जागा होती, मी सहज अर्ज केला होता, मुलाखत दिली होती आणि विसरले होते. इथे मी बावीस वर्षं सहायक. तिथे ग्रंथपाल. एक मार्चला हजर व्हायचं. या आधी दोनदा अशा जागा मी सोडल्या होत्या. बेचाळिसाव्या वर्षानंतर चौथ्यांदा कोण बोलावणार? पत्र मी पर्समध्ये ठेवलं आणि दिवसातून चार वेळा उघडून बघायला लागले.

अडचण एकच राहिली. श्वास.

आमचं मुख्य गाणं, ज्याने स्थापना दिवस सुरू होतो, त्याची पहिली ओळ अशी: लांबच्या त्या विहिरीपासून उजेडापर्यंत चालत आलो. ही ओळ खालचा सूर आधी एकटा म्हणतो, मग सगळ्या म्हणतात. या ओळीत "उजेडा" म्हटलं की थांबायचं. श्वास घ्यायचा. मग "पर्यंत चालत आलो". शब्दाच्या मध्येच. नवीन ऐकणाऱ्याला ठेच लागल्यासारखं होतं, पण आमच्याकडे तो श्वास म्हणजे गाण्याचा जीव. दरवर्षी कुणीतरी पाहुणे त्यावर बोलतात. एक म्हणाले, उजेड आणि आपण यांच्यामध्ये पिढ्यांची प्रतीक्षा उभी आहे, तीच या निःशब्द जागेत ऐकू येते. दुसरे म्हणाले, हा समाजाने रोखून धरलेला श्वास आहे. एका बाईंनी त्या श्वासावर प्रबंधात पूर्ण प्रकरण लिहिलं. तो प्रबंध आमच्या ग्रंथालयात आहे, मीच त्याला क्रमांक दिला.

मनोरीची मुलगी तिथे थांबतच नव्हती. मी तळहात दाबायचे, ती सरळ पुढे. बाकीच्या सतरा जणी थांबायच्या आणि हिचा आवाज एकटाच पुढे जायचा. मुली हसायच्या. मी हात आणखी जोरात दाबला तर ती वळून म्हणाली, "ताई, दुखतं ना."

मंडळाच्या अध्यक्ष आईच्या वर्गातल्या. मी त्यांना मावशी म्हणते. दर रविवारी स्टीलची बाटली घेऊन पहिल्या खुर्चीत बसतात. त्या म्हणाल्या, "आवाज आहे गं पोरीला. पण तिथे थांबली नाही तर मी उतरलं म्हणणार नाही. सांगून ठेवते."

"मावशी, एक श्वास तर आहे."

"तेच. एकच तर आहे."

जानेवारीच्या शेवटच्या रविवारी घरी आले तेव्हा आई तुरीच्या शेंगा सोलत बसली होती. मी पर्स टाकली आणि समोर बसून शेंगा सोलायला लागले. सोलायला म्हणजे ओरबाडायला.

"अजून अडते का गं ती पोर तिथं?" आईने विचारलं.

"अडत नाही, तेच तर. सरळ जाते."

आई हसली. "मीपण सरळच जायचे आधी."

"आधी म्हणजे?"

"आधी म्हणजे तू नव्हतीस तेव्हा."

मी शेंग खाली ठेवली. आईने ठेवली नाही. ती सोलता सोलताच सांगत गेली, जणू शेजारणीकडून विरजण आणल्याची गोष्ट. दुसऱ्या वर्षाच्या सुट्टीत तिचं लग्न झालं. तिसऱ्या वर्षी दिवस राहिले. मोठ्या बाईंचा नियम होता, पोटुशी मुलीने गाण्यात उभं राहायचं नाही, घरी आराम करायचा, परीक्षेला तेवढं यायचं. नियम चांगल्या मनाने केलेला. पण आईला उभं राहायचं होतं. तिच्या घरात कॉलेजात गेलेली ती पहिली आणि त्या हॉलमध्ये पहिली ओळ एकटीने म्हणणारी तीच. तिने निऱ्या सैल काढल्या, पदर पुढून घेतला आणि कुणाला काही बोलली नाही.

"सातवा लागला होता," आई म्हणाली. "पहिली ओळ एकटीनेच म्हणायची असते. उजेडापर्यंत आले नि तू लाथ मारलीस. इथे. दमच तुटला. थांबले. म्हटलं वाट लागली. मग श्वास घेतला नि पुढचं म्हटलं."

"मग?"

"मग सगळ्यांची पाळी. मला माहीत, मी परत तिथंच तुटणार. तर तुझी मावशी माझ्या शेजारी होती, ती थांबली. तिच्याबरोबर बाकीच्या थांबल्या. सगळ्या सतराच्या सतरा. कुणी कुणाला सांगितलं नव्हतं, वेळच कुठे होता? पुढच्या कडव्यालापण तसंच. बघणाऱ्याला वाटलं, असंच बसवलंय."

"आणि मोठ्या बाई?"

"नंतर जिन्यात भेटल्या. माझ्याकडे बघितलं, पोटाकडे बघितलं. म्हणाल्या, तसंच ठेवा. गेल्या. शेवटचा पेपर दिला नि आठव्या दिवशी तू झालीस."

"इतकी वर्षं सांगितलं का नाहीस?"

"आधी भीती. मग राहून गेलं. मग पाहुण्यांनी भाषणं चालू केली. त्यांच्या भाषणात कुठं घालायची तुझी लाथ?"

मला हसू यायला हवं होतं. मला इतका राग आला की मी उठून गॅलरीत गेले आणि वाळत घातलेले कपडे काढायला लागले. ते ओलेच होते. म्हणजे ज्या श्वासाने मला इथे धरून ठेवलं होतं तो माझ्यामुळेच होता. मी जन्मायच्या आधी, काही कळायच्या आधी, एक पाय हलवला होता आणि त्यापायी माझ्याच पाठीवर सहा वर्षं तळहात दाबला गेला, आणि मी तो चार मुलींच्या पाठीवर दाबला. कुणावर ओरडायचं? आईवर नाही, मावशीवर तर नाहीच. त्या सतरा जणींबद्दल विचार केला की माझा राग पाणी व्हायचा, आणि तो पाणी होतो याचाच मला परत राग यायचा. माझ्यासाठी सतरा मुलींनी श्वास तोडला होता, न सांगता. असं काही कुणी तुमच्यासाठी केलं की मग तुम्ही कुठे जाणार?

आई आतून म्हणाली, "सांग तिला. मनोरीची पोर चांगली आहे. कळलं तर थांबेल. आणि तू जाशील नाशिकला. पर्स बघितली मी."

तिने पर्स बघितली म्हणून मला राग यायचा राहून गेला. एकाच दिवशी किती रागवायचं?

आई बरोबरच म्हणत होती. स्थापना दिवसाच्या आदल्या आठवड्यात मुलगी स्वतःच ग्रंथालयात माझ्या टेबलाशी आली. दुपारची वेळ, वाचनकक्षात दोघीतिघी बसलेल्या.

"ताई, एक विचारू? तो श्वास मला लागतच नाही हो. मी धरून बघितला, पण खोटं वाटतं. पण तसं काही असेल ना, म्हणजे कारण असेल, तर सांगा मला. मी घेईन. नक्की घेईन."

सांगायचं होतं फक्त. दोन मिनिटांचं काम. तिचे डोळे भरून आले असते, मला माहीत आहे, ती तशीच आहे. शनिवारी, स्थापना दिवसाला, ती "उजेडा" म्हणून थांबली असती, मावशी उतरलं म्हणाल्या असत्या, मी हात काढला असता आणि एक मार्चला नाशिकच्या कॉलेजात सहीची वही पुढे ओढली असती. आणि तिने ते वाक्य म्हटलं असतं. दिल्याशिवाय जाणार नाही. वीस वर्षांची होती तीपण. मग तिने माझ्या आईचं पोट पाठीवर घेऊन बावीस वर्षं रविवार काढले असते, आणि तिला कधी कंटाळा आला असता तर कंटाळ्याची लाज वाटली असती, कारण तिला कारण माहीत असतं. ज्याला कारण माहीत असतं त्याला भेळ खात गेटबाहेर जाता येत नाही.

मी तिला विचारलं, "पुढे काय करायचंय गं तुला?"

"माहीत नाही अजून. पण जायचंय कुठेतरी. रोज तीच खाडी, तीच होडी. कंटाळा आला." मग ती घाबरून म्हणाली, "गाण्याचा नाही हां."

"कारण काही नाही," मी म्हटलं. "पहिल्यापासून तसं आहे, एवढंच. तुला पुरतो ना दम?"

"पुरतो."

"मग झालं. जा, होडी चुकेल."

तिला होडीला अजून दोन तास होते. ती माझ्याकडे जरा बघत राहिली आणि पुस्तक घेऊन गेली. मी टेबलाखाली हात एकमेकांत घट्ट धरून बसले, कारण तिला परत हाक मारायची मला भयंकर इच्छा होत होती. मी काही थोर नाही. त्या दुपारी मी तीन वेळा उठून वाचनकक्षाच्या दारापर्यंत गेले होते.

शनिवारी सकाळी हॉल भरला होता. पहिल्या रांगेत मावशी, शेजारी आई, मग पाहुणे, हातात भाषणाचे कागद घेऊन. मुली पांढऱ्या साड्यांत उभ्या होत्या. मी मनोरीच्या मुलीच्या मागे उभी राहिले आणि हात ठेवला. तिची पाठ गरम होती. तिने सुरू केलं.

लांबच्या त्या विहिरीपासून. आवाज जमिनीतून आल्यासारखा आला. उजेडा. माझी बोटं सवयीने वळली, आणि मी ती वळल्यावर तशीच धरली, दाबली नाहीत. ती पुढे गेली. पर्यंत चालत आलो. ओळ एका दमात, अखंड, स्थापना दिवसाला मी जन्मभरात पहिल्यांदा ऐकली. मग सगळ्यांची पाळी आली. सतरा जणी थांबल्या. ती थांबली नाही. चाळीसहून जास्त वर्षं जी जागा रिकामी ठेवली होती, तिच्यातून तिचा एकटीचा आवाज सरळ चालत गेला आणि पलीकडे बाकीच्या त्याला मिळाल्या. मी पहिल्या रांगेत बघितलं. आईने श्वास घेतला होता. मावशीने पण. खांदे वर झालेले मला दिसले.

मावशी उठल्या, मंचाच्या कडेला आल्या. त्यांनी माझ्याकडेच बघितलं, मुलीकडे नाही. "तू दाबलं नाहीस."

"नाही."

"उतरलं नाही," मावशी म्हणाल्या. त्यांचा आवाज कडक नव्हता, थकलेला होता. "पुढच्या वर्षी बघू."

वाक्य म्हणायचं राहिलं, पेढा राहिला. मुलीने मला हळूच विचारलं, "ताई, माझं चुकलं का?" मी नाही म्हटलं. पाहुणे भाषणाला उभे राहिले आणि त्या निःशब्द जागेबद्दल बोलले. कागद आधीच लिहून आणलेला होता, त्यामुळे इलाज नव्हता.

घरी जाताना रिक्षात आई बराच वेळ बाहेर बघत होती. सेक्टरच्या वळणावर म्हणाली, "सांगितलं नाहीस तिला."

"नाही."

"आणि नाशिक?"

"कळवते नाही म्हणून."

आईने माझा हात हातात घेतला, उजवा. "ऐन वेळेला लाथ मारायची तुझी सवय जुनी आहे," ती म्हणाली. मी रडले. तिने ते पाहिलं आणि रिक्षावाल्याला डावीकडे घ्यायला सांगितलं.

हे होऊन वर्ष होत आलं. मी सहायकच आहे. रविवारी नऊ वाजता मी हॉलमध्ये असते. मनोरीची मुलगी येते, पण मनाला येईल तेव्हा येते. वाक्य म्हटलेलं नाही, त्यामुळे तिला कोणी काही म्हणू शकत नाही. एखाद्या रविवारी ती मैत्रिणींबरोबर कुठेतरी फिरायला जाते आणि सोमवारी मला सांगतेही. मावशी चिडतात. आली की गाते, आणि थांबत नाही. पावसाळ्यात तिच्या शेजारच्या दोघी थांबायच्या बंद झाल्या. दिवाळीनंतर मधली रांग. मी कुणाला काही शिकवलं नाही, कुणाच्या पाठीवर काही दाबलं नाही. आता सगळ्याच सरळ जातात. मावशी बाटली उघडतात, पाणी पितात, झाकण लावतात.

ती नसते त्या रविवारी खालचा सूर मी धरते. मी घरी न्हाणीघरात, गॅलरीत, ग्रंथालयात कुणी नसताना, सगळीकडे प्रयत्न करून पाहिला. जमत नाही. उजेडापाशी आले की माझी छाती आपोआप थांबते, श्वास घेतला जातो, आणि मी पुढचं म्हणायला तोंड उघडते तोवर मुली पुढे निघून गेलेल्या असतात.